विरघळलेला संत

स्लोव्हेनियाच्या सहलीच्या कार्यक्रमपत्रिकेत दोन ठिकाणं हटकून असतात. एक ब्लेडचं तळं आणि त्यातल्या बेटावरचं चर्च, आणि दुसरी एक प्रचंड गुहा, जिच्या नावाशी आपली जीभ अडखळते: श्कोत्स्यान. सहल करून आलेली मंडळी गुहेचं वर्णन करून दमली की ऐकणाऱ्यांपैकी कुणीतरी विचारतंच, "पण श्कोत्स्यान म्हणजे काय? त्यांच्या भाषेत गुहेला श्कोत्स्यान म्हणतात का?"

गुहेला स्लोव्हेन भाषेत 'यामा' म्हणतात. (आपल्या यमाशी या शब्दाचं काही नातं नाही, पण लक्षात ठेवायला तो बरा पडतो.) श्कोत्स्यान हे गुहेच्या डोक्यावर वसलेल्या एका चिमुकल्या गावाचं नाव आहे. गावाला ते मिळालं चर्चमुळे, आणि चर्चला मिळालं सतराशे वर्षांपूर्वी मारल्या गेलेल्या एका तरुणामुळे. नदीच्या पाण्यात चुनखडीचा दगड विरघळावा तसा तो तरुण या नावात विरघळला आहे. त्याला बाहेर कसं काढायचं, ते या प्रकरणात पाहू.

१. आधी जीभ सरळ करू

या नावाचं पहिलं रोमन अक्षर एस आहे आणि त्याच्या डोक्यावर उलटी टोपी आहे. या टोपीमुळे 'स'चा 'श' होतो. स्कोडा मोटारीच्या नावावरही हीच टोपी असते. आपण स्कोडा म्हणतो, पण तिच्या मूळ देशात, चेक प्रजासत्ताकात, लोक 'श्कोडा' म्हणतात.

पुढे मधे रोमन सी आहे. इंग्रजी शिकलेला माणूस इथे 'क' किंवा 'स' म्हणून मोकळा होतो. स्लोव्हेनमध्ये या अक्षराचा उच्चार 'त्स' होतो, आणि इथे मराठी माणसाचं काम सोपं आहे, कारण हा आवाज आपल्याकडे आहेच. गुरांच्या 'चारा'मधला च म्हणून बघा, मोजायच्या 'चार'मधला नव्हे. चाक, चमचा, चांगला यांतला जो दातांमागचा च, तोच हा. हिंदी किंवा इंग्रजी बोलणाऱ्याला तो मुद्दाम शिकावा लागतो. आपण तो आईच्या मांडीवरच शिकलो, फक्त लिहिताना वेगळा दाखवत नाही. इथे मी 'त्स' लिहिणार आहे. तुम्ही मनात 'चारा' म्हणा.

२. गाव केवढं?

स्लोव्हेनियाचं क्षेत्रफळ सुमारे २०,२७१ चौरस किलोमीटर आहे. महाराष्ट्रातला सर्वांत मोठा जिल्हा अहिल्यानगर, १७,०४८ चौरस किलोमीटरचा. त्याहून हा देश थोडासाच मोठा. लोकसंख्या सुमारे २१ लाख, म्हणजे एकट्या पुणे शहरापेक्षाही कमी. आणि एवढ्याशा देशात स्वतंत्र नाव असलेल्या वस्त्या आहेत सुमारे ६,०००.

भागाकार करून बघा. २०,२७१ भागिले ६,००० म्हणजे साधारण ३.४. दर साडेतीन चौरस किलोमीटरमागे एक नाव. लोकांचा हिशेब केला तर २१ लाख भागिले ६,००० म्हणजे वस्तीमागे ३५० माणसं. त्यातली लाखोंनी माणसं ल्युब्लियाना आणि मारिबोर या शहरांत राहतात, त्यामुळे खेड्यांच्या वाट्याला प्रत्यक्षात याहून कमीच येतात. पाचपंचवीस घरांच्या वस्तीलाही तिथे स्वतःचं नाव असतं, आणि पुष्कळदा स्वतःचं चर्चही. आपल्याकडे अशा वस्तीला वाडी म्हणून शेजारच्या गावाला जोडून टाकतात.

श्कोत्स्यान तर या हिशेबातही लहान आहे. दिवाचा नावाच्या रेल्वे स्टेशनाच्या गावाजवळ, चुनखडीच्या एका कड्यावर मूठभर दगडी घरं आणि त्यांच्यामधून वर निघालेला चर्चचा मनोरा, एवढंच गाव. घरांच्या दोन्ही अंगांना जमीन खचून तयार झालेल्या खोल विवरांच्या कडा आहेत. धाकटं विवर सुमारे १२० मीटर खोल, थोरलं सुमारे १६५. गावाखालून नदी वाहते, आणि हे मी अक्षरशः म्हणतो आहे: नदी घरांच्या पायाखालच्या खडकात शिरते, विवरात क्षणभर उजेड बघते आणि परत जमिनीत जाते. गावातच एक सरळसोट खड्डा आहे, त्याचं तोंड वर आणि तळ त्या नदीत. इथल्या पोरांना आया किती हाका मारत असतील, हा विचार माझ्या मनातून जात नाही.

गावाला स्लोव्हेनमध्ये 'वास' म्हणतात. तो शब्द पाहून 'वसणे', 'वस्ती' आठवतात आणि वाटतं, हे आपलंच. मात्र इथे फसायला होतं. हा 'वास' संस्कृतातल्या 'विश्' या शब्दाचा भाऊ आहे, ज्यापासून 'वैश्य' आला. दिसायला सारखे शब्द नात्याचे असतीलच असं नाही, आणि नात्यातले शब्द पुष्कळदा एकमेकांसारखे दिसत नाहीत. हा धडा पुढे उपयोगी पडणार आहे.

३. कान्त्सियान नावाचा तरुण

इटलीच्या ईशान्य टोकाला, एड्रियाटिक समुद्राजवळ अक्विलेया नावाचं रोमन शहर होतं. रोमनांनी ते इसवी सनपूर्व १८१ मध्ये वसवलं. त्या काळी ते मोठं व्यापारी केंद्र होतं, आणि पुढे ख्रिस्ती धर्माचंही मोठं ठाणं झालं. सम्राट डायोक्लेशियनने ख्रिस्ती लोकांचा छळ आरंभला त्या काळात, इसवी सन ३०४ च्या सुमारास, तिथे तीन भावंडं मारली गेली: कान्तिउस, कान्तियानुस आणि बहीण कान्तियानिल्ला. आख्यायिका सांगते की ती रोममधल्या बड्या घराण्यातली होती, छळापासून पळून अक्विलेयाला आली होती आणि तिथूनही निसटताना पकडली गेली. ज्या जागी ती मारली गेली असं मानतात, तिथल्या इटालियन गावाचं नाव आजही सान कान्झियान आहे.

यातल्या मधल्या भावाचं नाव आसपासच्या मुलखात फार पसरलं. त्याला कारण चर्चच्या कारभाराची हद्द. इसवी सन ८११ मध्ये शार्लमेन राजाने द्रावा नदी ही सीमा ठरवली: नदीच्या उत्तरेचा मुलूख साल्झबुर्गच्या धर्मपीठाकडे, दक्षिणेचा अक्विलेयाकडे. आजच्या स्लोव्हेनियाचा बराचसा भाग त्यामुळे शतकानुशतकं अक्विलेयाच्या छायेत राहिला. मुख्य पीठाचे संत शाखांमध्ये जाणार हे ओघानंच आलं. म्हणूनच श्कोत्स्यान नावाचं गाव एकच नाही. कोपर या बंदराजवळ एक आहे, दक्षिणेकडच्या दोलेन्स्का भागात एक आहे, तुर्याक किल्ल्याजवळ एक आहे. स्लोव्हेन भाषेतलं पहिलं छापील पुस्तक १५५० मध्ये काढणाऱ्या प्रिमोझ त्रुबारचं गाव, राशित्सा, या शेवटच्या श्कोत्स्यानपासून जवळच.

४. नाव कसं झिजलं

आता मुख्य प्रश्न. 'सांक्तुस कान्तियानुस' या भारदस्त लॅटिन नावाचं 'श्कोत्स्यान' कसं झालं?

शाळेतलं व्याकरण आठवा. संस्कृतातून जसेच्या तसे आलेले शब्द तत्सम, आणि तोंडातोंडी झिजून आलेले तद्भव. 'हस्त' तत्सम, 'हात' तद्भव. 'ग्राम' तत्सम, 'गाव' तद्भव. श्कोत्स्यान हे तद्भव नाव आहे, फक्त ते लॅटिनमधून आलं. समजायला सोपं जावं म्हणून ही झीज पायऱ्यांनी पाहू. प्रत्यक्षात लोक अशा पायऱ्या मोजत बोलत नाहीत.

पहिली पायरी. लॅटिन बोलणाऱ्या सामान्य माणसांनीच नाव हलकं केलं. शेवटचा 'उस' गळाला, 'ति'चा 'त्सि' झाला. उरलं 'सांत कान्त्सियान'.

दुसरी पायरी. सहाव्या शतकाच्या अखेरीस स्लाव लोक या मुलखात उतरले. आजच्या स्लोव्हेन लोकांचे ते पूर्वज. इथे आधीपासून राहणाऱ्या लॅटिनवळणी लोकांकडून त्यांनी जागांची नावं उचलली. त्या लोकांचा 'स' बराचसा 'श'कडे झुकणारा होता, म्हणून नवख्यांच्या कानांना तो 'श'च ऐकू आला. 'सांत'चं 'शेंत' झालं ते असं.

तिसरी पायरी मला सगळ्यांत आवडते. त्या काळच्या स्लाव बोलीत 'आन्' असा आवाज व्यंजनापुढे आला की त्याचा एक नाकातला स्वर व्हायचा, आपल्या 'ओं'सारखा. 'कान्त्सियान'चं झालं 'कोंत्स्यान'. पुढे स्लोव्हेन भाषेतून नाकातले स्वर निघून गेले. अनुस्वार गेला, 'ओ' उरला: 'कोत्स्यान'.

हा गेलेला अनुस्वार महत्त्वाचा का, ते घरच्या उदाहरणावरून बघा. आजोबांच्या जुन्या पत्रात 'गांव', 'नांव', 'कांहीं' असे टिंबांनी भरलेले शब्द असतात. १९६२ च्या लेखननियमांनी मराठीतले न उच्चारले जाणारे अनुस्वार काढून टाकले. म्हणून तारीख फाटलेलं पत्र हाती आलं तरी टिंबं बघून सांगता येतं की लिहिणारा १९६२ च्या आधी शाळा शिकलेला आहे. श्कोत्स्यानमधल्या 'ओ'चं तसंच आहे. 'आन्'चा 'ओं' करण्याची खोड ज्या काळात भाषेला होती, त्याच काळात हे नाव भाषेत शिरलेलं असणार. उशिरा शिरलं असतं तर 'आन्' तसाच राहिला असता. स्लोव्हेन भाषेतलं सर्वांत जुनं लिखाण इसवी सन १००० च्या आसपासचं आहे. त्याला फ्रायझिंग हस्तलिखितं म्हणतात. हे नाव त्याच्या मागचं, भाषा लिहिली जाऊ लागण्याच्या आधीचं. एका स्वरानं एवढं सांगून टाकलं.

चौथी पायरी सोपी आहे. 'शेंत कोत्स्यान' रोज दहा वेळा म्हणायचं तर कोण एवढं पूर्ण म्हणणार? 'रावसाहेब'चं 'रावसाब' करणारे आपण हे समजू शकतो. 'शेंत'मधला स्वर गेला, 'न्' गेला, 'त' गेला. संतपणाची एकच खूण उरली, सुरुवातीचा 'श्'.

आणि आता गंमत. गावातल्या चर्चच्या संताचं नाव आज काय सांगतात? 'स्वेती कान्त्सियान'. 'स्वेती' म्हणजे पवित्र, संत. 'कान्'मधला 'आन्' इथे शाबूत आहे, कारण चर्चमधलं नाव पाद्र्यांच्या पोथीतून आलं आणि गावाचं नाव शेतकऱ्यांच्या तोंडातून. म्हणजे एकच संत एकाच गावात दोनदा राहतो. चर्चमध्ये तो तत्सम आहे आणि गावाच्या नावात तद्भव.

('स्वेती' या शब्दावरून आणखी एक. त्याचा लॅटिन 'सांक्तुस'शी संबंध नाही. त्याचा नातलग आपल्या शेजारी सापडतो: पारशांच्या अवेस्तातला 'स्पेंत', म्हणजे पवित्र. 'अमेशा स्पेंता' हे शब्द ज्यांनी ऐकले असतील त्यांना तो ओळखीचा वाटेल.)

५. 'श्'ची किल्ली

एवढं समजलं की स्लोव्हेनियाच्या नकाशावरची निम्मी कोडी सुटायला लागतात. नियम असा: नावाच्या सुरुवातीला शेंत, शें, श्म, श्त किंवा श्क दिसलं की संशय घ्या, 'शेंत'चा अवशेष बाजूला काढा आणि उरलेलं वाचा.

'शेंतविद' घ्या. शेंत काढलं, उरला विद. हा संत विटुस.

'श्मार्त्नो'. श् काढला, मार्त्नो उरलं. संत मार्टिन.

'श्मिहेल'. मिहेल म्हणजे मायकेल. हे कुणालाही जमेल.

'श्तान्येल' जरा अवघड. इथे 'शेंत'चा 'त' उरला आहे आणि तो पुढच्या 'द'ला गिळून बसला आहे. मुळात शेंत आणि दान्येल, म्हणजे डॅनियल. डोंगराच्या अंगाला बिलगलेलं हे देखणं दगडी गाव श्कोत्स्यानच्याच क्रास प्रदेशात आहे.

'शेंपेतर' मध्ये शेंत आणि पेतर आहेत. पण 'न्'चा 'म्' का झाला? 'संतोष' म्हणताना अनुस्वार 'न्' होतो आणि 'संपूर्ण' म्हणताना 'म्' होतो, कारण पुढचं अक्षर जिभेला आपल्याकडे ओढतं. आपण त्याला परसवर्ण म्हणतो. 'प'च्या आधी 'म्'. पीटरला तिथेही तोच नियम लागला.

कधीकधी 'श्'सुद्धा नसतो. इटलीतल्या त्रिएस्त शहराजवळच्या सीमेवर सोत्सेर्ब नावाचं गाव आहे. मूळ नाव सांक्तुस सेर्वुलुस. इथे 'सां'चाच नाकातला 'सों' होऊन 'सो' उरला. तिथल्या एका गुहेच्या पोटात या संताचं चर्च आहे. स्लोव्हेनियात जमिनीखाली चर्च असलेली गुहा ही एकच.

आता सापळा. 'श्कोफ्या लोका' नावाचं सुंदर जुनं शहर आहे. 'श्क' बघून तुम्ही संत शोधायला लागाल, पण तिथे संत नाही. 'श्कोफ' म्हणजे बिशप आणि 'लोका' म्हणजे ओलसर कुरण: बिशपचं कुरण. सम्राट दुसऱ्या ओटोने इसवी सन ९७३ मध्ये तो मुलूख फ्रायझिंगच्या बिशपला दिला. विवेकाशिवाय किल्ली फिरवली की कुलूप बिघडतं.

हे सगळं दूरचं वाटत असेल तर मुंबईच्या पश्चिम रेल्वेवर या. सांताक्रुझचं तिकीट काढताना 'पवित्र क्रूस' असा अर्थ किती जणांच्या मनात येतो? स्लोव्हेनियात याच अर्थाचं 'स्वेती क्रिझ' हे नाव बऱ्याच गावांना होतं. 'होतं' असं मी का म्हणतो, ते पुढे येईल.

६. संताच्याही आधी

आता जरा खाली उतरू, कारण चर्च इथेच का बांधलं, याचं उत्तर जमिनीत आहे.

या पठाराचं नाव क्रास. भूगोलाच्या पुस्तकात 'कार्स्ट भूरूपं' वाचली असतील, तर तो 'कार्स्ट' म्हणजे हाच क्रास. चुनखडीच्या प्रदेशाला जगभर याच पठाराचं नाव लावतात. पावसाचं पाणी हवेतला आणि मातीतला कार्बन डायऑक्साइड घेऊन किंचित आंबट होतं. असं पाणी चुनखडी विरघळवतं, फार सावकाश, पण थांबत नाही. फटी रुंद होतात, फटींच्या वाटा होतात, वाटांची दालनं होतात.

रेका नदी पूर्वेकडून येते. ('रेका' म्हणजे नुसतं 'नदी'. गावाबाहेर दुसरी नदीच नसेल तर वेगळं नाव कशाला?) वरच्या भागात ती पाणी न मुरणाऱ्या खडकांवरून वाहते. चुनखडी लागली की तिला वाटा सापडतात, आणि श्कोत्स्यानखाली ती सगळीच्या सगळी जमिनीत जाते. आत तिने कोरलेलं मार्तेलचं दालन १४६ मीटर उंच आहे. ७३ मीटरचा कुतुबमिनार एकावर एक दोन ठेवले तर तेवढी उंची होईल. पर्यटक जातात तो पूल नदीपासून सुमारे ४५ मीटर वर आहे, आणि तरी तो नेहमी कोरडा राहतोच असं नाही: १९६५ च्या पुरात गुहेतलं पाणी सुमारे १०८ मीटर चढलं. मजल्याला तीन मीटर धरले तर छत्तीस मजले.

वाहती नदी तोंड उघडलेल्या जमिनीत नाहीशी होते, पावसाळ्यात जमीन गर्जते. अशा जागी माणसानं हात जोडले नसते तरच नवल. श्कोत्स्यानजवळ 'मुश्या यामा', म्हणजे माश्यांची गुहा, नावाचा सुमारे ५० मीटर खोल खड्डा आहे. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला तिथे उत्खनन झालं तेव्हा कांस्याच्या आणि लोखंडाच्या वस्तू मोठ्या संख्येनं मिळाल्या: भाले, शिरस्त्राणं, भांडी. बऱ्याचशा वस्तू मुद्दाम तोडून, जाळून खाली टाकलेल्या होत्या. काळ इसवी सनपूर्व बारावं ते आठवं शतक. वस्तूंची घडण दूरदूरच्या मुलखांतली. म्हणजे कान्तियानुस जन्मण्यापूर्वी हजारहून अधिक वर्षं इथे लांबलांबून माणसं येत होती आणि पाताळाला काहीतरी देऊन जात होती. आजचं गावही एका प्रागैतिहासिक तटबंदीच्या आतच आहे. संताला पवित्र जागा तयार मिळाली, असंच मला वाटतं.

७. सरकारं बदलतात

विसाव्या शतकाच्या सुरुवातीला श्कोत्स्यानचा माणूस ऑस्ट्रिया-हंगेरीचा प्रजाजन होता आणि सरकारी नकाशात गावाचं जर्मन नाव होतं सांक्ट कान्झियान. पहिल्या महायुद्धानंतर मुलूख इटलीकडे गेला. फॅसिस्ट राजवटीनं स्लाव नावं पुसून इटालियन नावं लावली. श्कोत्स्यानचं झालं सान कान्झियानो. यात एक विनोद आहे. शेतकऱ्यांनी हजार वर्षांत झिजवलेलं नाव अधिकाऱ्यांनी एका फटक्यात पुन्हा लॅटिनच्या जवळ नेऊन ठेवलं. तद्भवाचं पुन्हा तत्सम झालं, पण ते लोकांच्या तोंडी बसलं नाही.

१९४७ मध्ये हा भाग युगोस्लाव्हियात आला. नवं सरकार कम्युनिस्ट. १९४८ मध्ये स्लोव्हेनियात वस्त्या, चौक, रस्ते आणि इमारती यांच्या नावांबद्दल कायदा झाला, आणि त्याच्या आधारे पुढची काही वर्षं गावांच्या नावांतून धर्म काढायचं काम चाललं. १९५२ साली तर त्याचा सपाटाच होता. येसेनित्सेच्या डोंगरातलं स्वेती क्रिझ झालं प्लानिना पोद गोलित्सो. कोस्तान्येवित्साजवळचं स्वेती क्रिझ झालं पोदबोच्ये. स्वेती आंद्राझचं वितोमार्त्सी झालं. स्वेती लेनार्त नुसताच लेनार्त उरला, म्हणजे संतपद गेलं आणि माणूस राहिला.

पण गावाचं नाव बदलता आलं तरी चर्चचं बदलता येईना, कारण ते सरकारी कागदावर नव्हतंच. म्हणून तिथे फिरताना एक साधी युक्ती उपयोगी पडते: गावाचं नाव पाटीवर वाचा, मग चर्च कुठल्या संताचं ते विचारा. वितोमार्त्सीत चर्च संत आंद्राझचं. पोदबोच्येत पवित्र क्रूसाचं. पुष्कळदा चर्चचं उत्तर म्हणजेच गावाचं जुनं नाव असतं.

नाव बदलणाऱ्या अधिकाऱ्यांना भाषाशास्त्र येत असतं तर काही घोटाळे टळले असते. स्वेती आन्तोनचं नाव बदलून त्यांनी ठेवलं त्सेर्क्वेन्याक. 'त्सेर्केव' म्हणजे चर्च! संताला दारातून घालवलं आणि अख्खं चर्च खिडकीतून आत घेतलं. स्वेती युरिचं नाव ठेवलं विदेम. हा शब्द मध्ययुगीन जर्मनमधून आला आणि त्याचा अर्थ चर्चला दान दिलेली जमीन, आपल्या देवस्थान इनामासारखी.

या सगळ्यात श्कोत्स्यान कसं वाचलं? त्याच्यात 'स्वेती' हा शब्द नव्हता. संत इतका विरघळला होता की पाटीवर दिसतच नव्हता. झिजलेल्या नावाला मिळालेलं हे संरक्षण मात्र पक्कं नव्हतं. शेंत पेतर ना क्रासू हे नाव पुरेसं झिजलेलं नव्हतं. 'शेंत' आणि 'पेतर' वेगळे दिसत होते. १९५२ मध्ये त्याचं पिव्का झालं आणि आजही ते पिव्काच आहे. तिथलं चर्च अर्थातच संत पीटरचं. १९९१ मध्ये स्लोव्हेनिया स्वतंत्र झाला तेव्हापासून काही गावांनी जुनी नावं परत घेतली: स्वेता त्रोयित्सा, स्वेती युरि. वितोमार्त्सीचा तोडगा मधला आहे. गाव वितोमार्त्सीच राहिलं, आणि त्याच्या नगरपालिकेचं नाव झालं स्वेती आंद्राझ.

आपल्याला हे नवं नाही. योगेश्वरीची जोगाई झाली आणि अंबाजोगाईच्या नावात बसली. निजामाच्या काळात गावाचं सरकारी नाव मोमिनाबाद झालं. सरकार गेलं, जोगाई परत आली.

८. चर्च पडतं, नदी वर येते

क्रासपासून ईशान्येला, त्सेर्क्नित्सा गावाजवळ, एक गर्द जंगलाची दरी आहे, राकोव श्कोत्स्यान. तिथेही राक नावाचा ओढा गुहेतून बाहेर येतो, दोन नैसर्गिक दगडी पुलांखालून वाहतो आणि पुन्हा गुहेत जातो. मोठ्या पुलाजवळ कधीकाळी संत कान्त्सियानचं चर्च होतं. आता फक्त त्याचे पडके दगड आहेत, आणि गाव तर नाहीच. नाव तेवढं दरीला चिकटून राहिलं. दोन श्कोत्स्यान, दोन्हींत जमिनीत जाणारं पाणी, दोन्हींत तोच संत: या योगायोगावर मला तरी फारसा भरवसा वाटत नाही.

मूळ श्कोत्स्यान मात्र उभं आहे. गुहा १९८६ मध्ये युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत गेल्या. १९९६ मध्ये ४१३ हेक्टरचं संरक्षित उद्यान झालं. श्कोत्स्यान, मातावुन आणि बेतान्या ही तीन गावं त्याच्या आत आली. आज जगाच्या कोपऱ्याकोपऱ्यातली माणसं 'श्कोत्स्यान' हा शब्द चुकीचा उच्चारत तिकीट काढतात.

आणि नदी? रेका श्कोत्स्यानखाली गडप झाली की सुमारे ३४ किलोमीटर अंधारातून जाते. ती कुठे निघते याचा अंदाज माणसांना जुना होता, पुरावा नव्हता. १९०७ मध्ये तिच्या पाण्यात लिथियमचा क्षार सोडून तो खालच्या झऱ्यांवर पकडला गेला. पुढे खुणा केलेले वाम मासे इथे सोडले, तेही तिकडे सापडले. ते झरे इटलीत, समुद्राच्या अगदी काठाशी आहेत. तिथे नदीला तिमावा म्हणतात. झऱ्यांच्या शेजारी एक जुनं गॉथिक चर्च आहे, आणि त्या जागेचं स्लोव्हेन नाव आहे श्तिवान.

आता सुरुवातीचा 'श्त' बाजूला काढा, आणि चर्च कुणाचं ते तुम्हीच सांगा.